चीफची सासरी गेलेली बोट

आमच्या सोसायटीतला चीफ दर वर्षी एका लढाऊ जहाजाचा वाढदिवस करायचा, आणि ते जहाज आपलं राहिलेलंच नव्हतं. आपल्या नौदलाने बरीच वर्षं वापरून ते एका परक्या देशाच्या नौदलाला देऊन टाकलं होतं. तिथे त्याचं नाव बदललं, झेंडा बदलला. चीफने तारीख मात्र बदलली नाही. त्या दिवशी सकाळी तो मुलुंड स्टेशनजवळून जिलबी आणायचा आणि चारही मजले चढून दारोदार वाटायचा. कुणी हसलं तर मुलगी सासरी पाठवलेल्या बापासारखा म्हणायचा, "चेडू सासराक गेला म्हणान तेचो वाढदीस थांबता काय?"

मूळचा मालवणकडचा, नौदलातून चीफ म्हणून निवृत्त झालेला. त्या जहाजाच्या इंजिनरूममध्ये त्याची अकरा वर्षं गेली होती. जहाज सोपवायला जी तुकडी गेली तीत तोही होता, आणि तिथल्या लोकांना इंजिन शिकवायला महिनाभर राहिला होता. दोन नंबरचं इंजिन सकाळी रुसतं, त्याच्या मागे लागायचं नाही, आधी नीट गरम करून घ्यायचं, हे त्याने तिथल्या मेकॅनिककडून तीनदा वदवून घेतलं. "मुलीच्या खोडी सांगूनच द्याव्यात रे. मागाहून तक्रार नको," असं तो मला सांगायचा.

मीही नौदलातलाच, दुसऱ्या जहाजावर वायरिंगच्या कामाला होतो. माझं जहाज भंगारात गेलं. कुणी मागितलंच नाही. खरं सांगायचं तर मी चीफवर जळायचो. संध्याकाळी गेटजवळच्या बाकावर तो मोबाईल पुढे करायचा. त्या देशाच्या नौदलाच्या पानावर त्याच्या जहाजाचे फोटो यायचे. दोन बोटांनी फोटो मोठा करून तो नांगराखालचा गंज दाखवायचा. "बघ, सासूचं लक्ष नाही." पुढच्या फोटोत नवा रंग दिसला की दिवसभर खूश. माझ्याकडे दाखवायला काय होतं? समोर टॉवर उभा राहत होता, त्याच्या सळयांत माझ्या जहाजाचं लोखंड असेलही, असं मी एकदा म्हणालो. चीफ म्हणाला, "मग बरंय की, घराजवळच आली." तो मनापासून बोलला होता, पण मी दोन दिवस बाकावर गेलो नाही.

त्यानंतर मी ते पान माझ्या मोबाईलवर चोरून बघू लागलो. त्याच्या जहाजाची वाईट बातमी कधी येते, एवढंच मला बघायचं होतं.

गेल्या वर्षी ती बातमी आली. नेमबाजीच्या सरावात निशाणा म्हणून ते जहाज समुद्रात बुडवलं होतं. चीफचा मोबाईल दुरुस्तीला गेला होता, त्यामुळे त्याला पत्ता नव्हता. वाढदिवस पाच दिवसांवर होता. मी गप्प राहिलो, आणि ते काही दया येऊन नव्हे. जिलबीचा खोका घेऊन तो माझ्या दारात आला तेव्हा म्हणालो, "कुणाचा वाढदिवस करतोस चीफ? बुडवली तिला." आणि मोबाईल त्याच्या हातात दिला.

त्याने फोटो दोन बोटांनी मोठा केला.

"किती गोळे लागले?"

"लिहिलं नाहीये."

"लागले असतील बरेच. सहज बुडणारी नव्हती ती."

मोबाईल परत देऊन तो वरच्या मजल्यावर जिलबी वाटायला गेला.

संध्याकाळी बाकावर आला तेव्हा वाटलं, आता शिव्या घालणार. मी तयारीतच होतो. तो शेजारी बसला आणि म्हणाला, "तुझी कुठे मोडली रे? मी कधी विचारलंच नाही."

मग मी बोलतच सुटलो. जहाज तोडत होते तिथवर मी मुद्दाम गेलो होतो, कापायला घेतलेली ती लांबून दिसली आणि फाटकातूनच मागे फिरलो, हे मी बायकोलाही सांगितलं नव्हतं.

"पुढून कापत होते की मागून?" त्याने विचारलं.

"पुढून."

"मग मागची इंजिनरूम शेवटी गेली असणार," तो म्हणाला, आणि पुढचं ऐकू लागला.

दिवाळीनंतर तो दहिसरला मुलीकडे राहायला गेला आणि दोन महिन्यांत तिथेच वारला. त्याआधीच्या कितीतरी संध्याकाळी आम्ही त्या बाकावर बसलो. माझं जहाज, माझ्या तारा, माझी माणसं, मी सांगायचो आणि चीफ ऐकायचा. त्याचा मोबाईल दुरुस्त होऊन आला होता, पण तो खिशातच असायचा. त्याच्या जहाजाबद्दल मी त्याला एकदाही विचारलं नाही.