माइकवरची माफी

वझरकर बाई फायद्याशिवाय कुणाच्या दारात पाऊल टाकत नसत. त्यामुळे जेवणानंतरच्या सुट्टीत मी शाळेच्या ग्रंथालयातल्या बाकावर आडवी होते, पापण्या जड होतात आणि पंख्याच्या घरघरीतून बाईंचं खाकरणं ऐकू येतं, तेव्हा माझ्या मनात आधी हिशेबच येतो. यांना इथं काय मिळणार आहे? जेवणातली जिलेबी संपलीय. कौतुकाची भाषणं तर त्यांच्या शोकसभेत इतकी झाली, की अजून दोन जन्म पुरतील.

"झोपलीयस की सोंग आहे, वैजयंती?"

"निम्मं निम्मं."

बाई माझ्या पहिल्या नोकरीतल्या मुख्याध्यापिका. त्यांना जाऊन दोन वर्षं झाली. साडीची इस्त्री मोडलेली नाही. काखेत छडी आहे. म्हणजे तीही बरोबर नेलीच.

"मास्तरांना सुधारायला आलीस म्हणे."

"प्रशिक्षण आहे, बाई. मुलानं चूक केली, दिली शिक्षा, झालो मोकळे, असं करायचं नाही. गोलात बसायचं. काय झालं, कुणाला लागलं, आता ते भरून कसं काढायचं, ते विचारायचं."

"मग, बसले का मास्तर?"

"बसले ना. सकाळी सरावाला झकास गोल केला. आणि ज्यांना गुन्हेगाराचं काम दिलं होतं, त्या शिंत्रे सरांना गोलाच्या मधोमध उभं केलं. कान धरून."

बाई इतक्या हसतात, की कपाटांच्या काचा वाजतात. आम्ही जिना उतरतो. खाली पटांगण असायला हवं, पण एसटी स्टँड आहे. परिपाठाला उभी राहावीत तशी मुलं फलाटांवर रांगेनं उभी आहेत. कर्ण्यातून घोषणा होते : "पल्लवी गायधने, नववी ब. दाखला घेऊन जाणारी गाडी फलाटावर लागत आहे."

"ही कोण?"

"हिनंच कार्यानुभवाच्या तासाला श्रावणी पोटेची वेणी कापली. कमरेपर्यंतची होती. आता सुट्टी संपली की सगळ्या शिक्षकांसमोर मी या दोघींचा गोल घ्यायचा. जमला तर पल्लवी शाळेत राहील. नाही जमला तर संस्था तिच्या हातात दाखला देणार."

"आणि जमला तर तुला?"

बाई मेल्यात, नजर मेलेली नाही. "जिल्ह्यात नाव होईल," मी म्हणते. "मुख्याध्यापक मोहोड सरांनी फोटोवाला बोलावलाय."

"वा! म्हणजे वर्गात बेडूक फाडून दाखवतात, तसं."

मला राग येतो. खरं बोलल्या म्हणून जास्तच येतो. आम्ही गाडीत चढतो, आणि आत प्रशिक्षणाचा हॉल आहे. खुर्च्या गोलात मांडल्यात. त्यातल्या एकीवर टॉवेल घातलाय. बाई सवयीनं तिकडेच वळतात.

"टॉवेल काढा, बाई. गोलात साहेबाची खुर्ची नसते."

त्या थबकतात. मग टॉवेल काढून, नीट चौघडी घालून मांडीवर ठेवतात. वीस वर्षांत मी त्यांना एवढं मऊ झालेलं पाहिलेलं नाही.

"विचार," त्या म्हणतात.

"काय?"

"ते तुझे प्रश्न. मला विचार. सगळ्यांना विचारत सुटलीयस, मला कुणी विचारलं नाही."

अच्छा. म्हणजे येण्यामागचा फायदा हा.

"काय झालं होतं, बाई?"

"परिपाठाला माफी. ठाऊक आहे तुला. चूक करणाऱ्यानं माइकवर माफी मागायची, आणि ज्याचं नुकसान झालं त्यानं माइकवरच 'माफ केलं' म्हणायचं. मग टाळ्या, मग राष्ट्रगीत. माझी शाळा तालुक्यात सगळ्यात शांत होती, वैजयंती."

"होती खरी."

"एका वर्षी सुमन डोईजोड नावाची पोरगी माइकपुढं गप्प उभी राहिली. तिची वही विहिरीत फेकली होती एका पोरानं; त्याची माफी मागून झाली होती. माफ केलं म्हण, म्हटलं. म्हणेना. दोनदा सांगितलं. शाळा सगळी बघतेय." बाई छडीकडे बघतात. "मग तिलाच दिली."

"वही फेकणाऱ्याला?"

"त्याला टाळ्या."

हॉलच्या खिडक्यांबाहेर स्टँड मागं सरकतो, म्हणजे गाडी चालू झालीय. मी पुढचा प्रश्न विचारते. तो मी सकाळी फळ्यावर मोठ्या अक्षरांत लिहिलेला आहे. "सुमनला काय हवं होतं?"

"मला काय माहीत? विचारलं कुठं मी!" बाई खेकसतात, आणि तो आवाज शेवटाला फुटतो. "तुझ्या त्या वेणीवालीला तू विचारलंस?"

"मोहोड सरांनी घरी निरोप पाठवलाय. येणार आहे ती."

"तू विचारलंस का, असं विचारतेय मी. तिला यायचंय का? कापल्या केसांनी मास्तरांच्या घोळक्यात बसायचंय का? आणि तिनं माफ केलं नाही, तर तुझ्या फोटोचं काय?"

गोलाआधी दोघींना वेगवेगळं भेटायचं, नको म्हणायची मुभा द्यायची, हे मीच शिकवते. वेळ नव्हता म्हणून या वेळी ते राहिलं. बाईंना मी हे सांगत नाही. त्यांना ते आधीच दिसलंय.

"हात पुढं कर," त्या म्हणतात.

"मारणार?"

"ही ठेवायला दुसरी जागा नाही गं माझ्याकडं. तिकडंही कुणी घेत नाही."

मी तळहात पसरते. त्या छडी मारत नाहीत, ठेवतात. पण वजन असं आहे, की हात खाली जातो.

"मॅडम! अहो मॅडम!"

दारात मोहोड सर आहेत. मी उठून बसते. उजव्या तळहातावर आडवा, लाल, बोटभर रुंद वळ आहे. बाकाच्या कडेचा असेल. बाक गुळगुळीत आहे, कड गोल आहे. असो.

"सगळे जमलेत. फोटोवालाही आलाय. ती श्रावणी ओढणी डोक्यावर घेऊन कोपऱ्यात बसलीय, बोलत नाही. तुम्ही जरा समजावा, दोन शब्द म्हणेल."

"ती काही म्हणणार नाही, सर. आजचा गोल रद्द. मी तिला घरी सोडायला जाते. वाटेत विचारते, तिला काय हवंय ते. तिला गोल नकोच असेल, तर दुसरी वाट काढू."

"आणि संस्थेला काय सांगू? ते उद्याच पल्लवीचा दाखला काढतील!"

"जिचं नुकसान झालं तिला अजून कुणी विचारलेलं नाही, असं मी लेखी देते. तिला विचारल्याशिवाय शिक्षा ठरवायची असेल, तर आधी माझी पुढची सगळी प्रशिक्षणं रद्द करा. दाखल्याचं त्यानंतर बघू."

"तुमचं नुकसान आहे यात, मॅडम."

"आहेच."

मी चपला घालते. फोटोवाल्याची खेप फुकट गेली. शिक्षकांचं प्रात्यक्षिक बुडालं, मोहोड सरांचा फोटो गेला, माझं नाव बहुधा गेलंच. पल्लवीला अजून काही रात्री धाकधुकीत काढाव्या लागतील. म्हणजे ज्यानं त्यानं आपापल्या वाटणीचं भरलं. कोपऱ्यातल्या ओढणीखालच्या मुलीकडून मात्र आज कुणी काही घ्यायचं नाही. तिनं सगळ्यांच्या आधी भरलंय.