स्लॅबवरचा रूम टोन

"कोन मेलं भाऊ?" शंकरभाऊंनी विचारलं आणि अख्खा स्लॅब खो खो हसला. माझा टेक खराब झाला. मी जाम चिडलो.

यवतमाळात दारव्हा रोडवर एका बिल्डिंगचं काम चालू होतं. त्यावर आमची प्रायोगिक शॉर्ट फिल्म. ना गोष्ट, ना संवाद; फक्त काम आणि कामाचे आवाज. मी साउंड रेकॉर्डिस्ट. शूटिंगच्या जागेची नुसती शांतताही आम्ही रेकॉर्ड करतो, एडिटिंगमध्ये आवाजांच्या सांध्यात भरायला. तिला रूम टोन म्हणतात. त्यासाठी काँक्रीटचा मिक्सर बंद करून सगळ्यांना जागच्या जागी गप्प उभं केलं होतं. स्लॅबखाली फळ्या ठोकणाऱ्या, सेंटरिंगवाल्या शंकरभाऊंना वाटलं, श्रद्धांजली चालू आहे.

"कोनी नाही मेलं. गप उभे राहा ना बाप्पा!" मी ओरडलो.

दुसऱ्या टेकला ते माझ्या शेजारी डोळे मिटून उभे राहिले. तरी हात जोडलेलेच.

पुढच्या स्लॅबच्या वेळी पायाखालची फळी सरकली आणि शंकरभाऊ वरून पडले. दवाखान्यात नेईपर्यंत सगळं संपलं होतं.

एडिटिंग चालू असताना त्यांची बायको, सुनंदावहिनी, मारेगावकडून आल्या. "आमच्या घरच्यायचा आवाज तुमच्याजवळ हाय म्हन्तेत. मले एकडाव ऐकवा."

आवाज होता, पण ते एकच वाक्य. या बाईला ते कोणत्या तोंडानं ऐकवायचं? त्यात डायरेक्टरला तेच फिल्मच्या शेवटी हवं होतं.

"लोक हादरतील," तो म्हणाला.

"आधी वहिनींना विचारू."

मी त्यांना हेडफोन दिला. ऐकून त्या आधी चक्क हसल्या. मग पदरात तोंड खुपसून रडल्या.

"असेच होते. कुठीबी काहीबी बोलून देत," त्या म्हणाल्या. "पन हे पिच्चरमदी नका टाकू भाऊ. एवढं माह्यासाठी राहू द्या."

डायरेक्टरचं तोंड उतरलं, पण त्यानं ऐकलं. ते वाक्य वहिनींच्या मोबाइलवर गेलं. फिल्मच्या शेवटी काळ्या पडद्यावर दुसरा टेक लागला, नुसती शांतता.

यवतमाळच्या शोला वहिनी माझ्या बाजूला बसल्या होत्या. पडदा काळा झाला.

"ह्याच्यात ते हायेत काय?" त्यांनी हळूच विचारलं.

"हो वहिनी. माह्या बाजूलेच उभे हायेत."

लाइट लागेपर्यंत त्यांनी हात जोडून ठेवले.

रूम टोनच्या फाइलला आम्ही जागेचं नाव देतो. आता मी टेकच्या वेळी तिथे कोण कोण उभं होतं, तेही लिहून ठेवतो.