जगाची सकाळ आणि आमचं दूध

सकाळी दूध तापवणं हे आमच्या घरात माझ्याकडे असलेलं एकमेव खातं. मी पातेल्यासमोर उभा राहतो, दूध वर येतं, मी गॅस बंद करतो. आत्ताआत्तापर्यंत ते एकदाही उतू गेलेलं नव्हतं. (ही माहिती मी कुणी न विचारताही देतो.)

बायकोच्या मैत्रिणीची मुलगी ओवी देशोदेशी फिरून साध्या घरांतल्या सकाळी चित्रित करते. तिच्या माहितीपटासाठी पुण्यातलं एकच घर हवं होतं. चुरस बिबवेवाडीतले आम्ही आणि सदाशिव पेठेतलं एक कुटुंब यांच्यात!

"अहो, मला त्यात यायचंय," बायकोने, म्हणजे वृंदाने बजावलं. "तुम्ही फक्त गप्प राहा."

ओवीने ओट्यापाशी कॅमेरा लावला. "काका, मी इथे नाहीच असं समजा."

मी समजलो. साधारण अर्धं मिनिट.

"जपानात दूध तापवतात का गं?"

"नाही, खोका उघडून तसंच पितात. इकडे नका बघू, काका."

"न तापवता?"

"पाश्चराइज्ड असतं ते."

"आपलंही असतं की! पिशवीवर लिहिलंय!" मी थबकलो. "मग आपण का तापवतो?"

"तेच शूट करायला आलेय मी."

"पण मग साय? साय नाही म्हणजे लोणी नाही, लोणी नाही म्हणजे... वृंदा, ऐकलंस? अख्ख्या जपानात घरी कढवलेलं तूप नाही!"

"जपान राहू दे! मागे बघा!"

दूध पातेल्यातून ओट्यावर आणि ओट्यावरून चमच्यांच्या ट्रॉलीत निघालं होतं. मी घाबरून त्यावर फुंकर मारली. (पन्नाशीच्या माणसाने!) मग गॅस बंद केला आणि हाताला लागलं त्या कापडाने पुसायला लागलो. तो वृंदाने खास शूटिंगसाठी काढलेला भरतकामाचा टेबलक्लॉथ होता.

"ओवी, एवढं कापून टाक गं," वृंदा रडकुंडीला आली.

"काकू, एवढंच ठेवणार आहे!"

आमची निवड झाली. माहितीपटात जपान येतं, पोर्तुगाल येतं, मग "मागे बघा!" म्हणून ओरडणारी वृंदा येते, आणि नंतर बराच वेळ मी, गंभीर चेहऱ्याने ओटा पुसताना.

"काकू, परदेशात सगळ्यांना काका फार आवडले," ओवीने फोनवर सांगितलं. "म्हणतात, तिकडचे पुरुष रोज ओटा किती मनापासून पुसतात!"

वृंदाने शांतपणे फोन ठेवला आणि फडकं माझ्या खांद्यावर टाकलं. "जगाची फसवणूक नको."

तेव्हापासून रोज ओटा मीच पुसतो. मनापासून पुसतोय की नाही, हे बघायला आता कॅमेरा लागत नाही. वृंदा मागेच उभी असते!