दातांतला दोरा
नातीने शाळेच्या नाटकासाठी मिशी चिकटवली आणि त्या गोंदाच्या वासाने बहारीनचं हॉटेल आठवलं. मी तिथे लाँड्रीत होते. डेन्मार्कचा एक म्हातारा नट अशीच मिशी चिकटवून नाटक करायला आला होता. सिनेमात नावाजलेला, पण आदल्या प्रयोगात वाक्यं विसरलेला. आज विसरला तर परत पाठवतो, असं मॅनेजरने बजावलं होतं. स्टेजवर जाताजाता त्याची पँट मागे उसवली आणि मला सुईदोरा घेऊन बोलावलं. अंगावरचा कपडा शिवणं अशुभ, म्हणून आमच्या रीतीने मी आधी त्याच्या दातांत दोरा दिला. तो वाक्यं घोकत होता, ते पुटपुटणं थांबलं. “बाई, यल्ला, लवकर! वाक्यं म्हणू दे त्याला!” मॅनेजर ओरडला. “उघड्या ढुंगणाने म्हणेल?” मी विचारलं. गाठ मारताच तो दोरा चावत गेला आणि लोकांपुढे गप्प उभा राहिला. मग त्याने दोरा थुंकला, लोक हसले, तो बोलू लागला. नाटक कसलं होतं, मला आजही ठाऊक नाही. तो शेवटपर्यंत अडला नाही, एवढं पाहिलं.