तारीख पडली

लढाईच्या दिवसांत मी दिल्लीत सरकारचा कायदा सल्लागार होतो. शस्त्रसंधी झाली आणि नगरला माझ्या वकिलीत परतलो, पण खुर्चीत बूड टिकेना. फोन वाजला की ताडकन उठून उभा राहायचो. अशात पाथर्डीची जुनी पक्षकार आली. शेताच्या बांधाच्या दाव्यात कोर्टाच्या खेपा घालून तिची निम्मी हयात गेलेली. मुलगा फौजेत, सीमेवर.

"वकीलसाहेब, तुमी तिथं हुता. लढाईचा निकाल लागला का?"

मी आधीच वैतागलेला. कोर्टातल्या सवयीनं बोलून गेलो, "निकाल कसला डोंबलाचा! नुसती तारीख पडलीय."

तिनं तोंडाला पदर लावला.

"मंजी पोराला परत हजर ऱ्हावं लागंल."