‘मागणी’चं फ्रेंच

माझं माहेर देगलूरचं. बाजारात अब्बांचं शिवणकामाचं दुकान होतं. गिऱ्हाईक दारात उभं राहिलं की अब्बा त्याच्याशी त्याच्याच भाषेत बोलायचे. कुणाशी तेलुगू, कुणाशी कानडी, शाळेतल्या मास्तरांशी मराठी. घरात आमची दखनी. त्यामुळे नांदेडचं कॉलेज संपवून पुढे हैदराबादला शिकायला गेल्यावर मी फ्रेंच घेतलं, तेव्हा कुणाला फारसं नवल वाटलं नाही. अम्मीनं एवढंच विचारलं, "इसमें बात किससे करेगी तू?"

लग्न होऊन परत नांदेडला आले आणि घरी बसून भाषांतरं करू लागले. इंग्रजीचं फ्रेंच, फ्रेंचचं इंग्रजी. पाण्याच्या पंपांची माहितीपत्रकं, मिक्सरच्या खोक्यातल्या घडीच्या चिठ्ठ्या, असलाच मजकूर. चुकला तर पंप चालत नाही, यापलीकडे त्यात कुणाचं काही अडत नसे.

काही वर्षांपूर्वी एका परदेशी रेडिओसाठी काम करणाऱ्या फ्रेंच बाईंचा फोन आला. खेड्यातल्या बायकांच्या आंदोलनांवर त्या एक कार्यक्रम करत होत्या, तो इंग्रजीत आणि फ्रेंचमध्ये लागणार होता. लातूरला एका सरकारी कचेरीसमोर काही बायका उपोषणाला बसल्यात, त्यांचं मराठी ऐकून दोन्ही भाषांत उतरवून द्याल का, असं त्यांनी विचारलं. मग पुढारीण कोण ते वाचून दाखवलं. नाव अडखळत वाचलं, तरी मला कळलं. मी खुर्चीवरून उठलेच.

कॉलेजची तीन वर्षं नांदेडच्या हॉस्टेलमध्ये आम्ही एका खोलीत राहिलो होतो. ती मुरुडजवळच्या एका खेड्यातली, शेतकऱ्याची मुलगी. माझे रोजे असले की माझ्यासमोर पाणी प्यायला लाजायची, तांब्या घेऊन बाहेर जायची. पुढे गावातच अंगणवाडी सेविका झाली. आदल्या हिवाळ्यात तिची भावजय गेली, हे मला फोनवर कळलं होतं. गावच्या दवाखान्यात डॉक्टरीणबाईची जागा मंजूर होती आणि कित्येक वर्षं रिकामी होती. कळा सुरू झाल्यावर भावजयीला जीपमध्ये घालून लातूरला नेत होते. वाटेतच ती गेली, मूल वाचलं. फोनवर मी अशा वेळी जे बोलतात तेच बोलले होते. उपोषणाचं मात्र तिनं मला कळवलं नव्हतं.

फ्रेंच बाई आणि मी लातूरला पोचलो तो उपोषणाचा चौथा दिवस होता. मांडव म्हणजे चार बांबूंवर ताणलेली हिरवी जाळी. तिच्यासोबत गावच्या दहा-बारा बायका बसल्या होत्या, पण पूर्ण उपाशी ती एकटीच. मला बघून उठायला लागली, तर शेजारणीनं खांदा धरून खाली बसवलं.

"तू कशी काय?" ती म्हणाली. ओठ सुकले होते.

"यांच्यासाठी आलेय. तुझं बोलणं तिकडं सांगायला."

माझ्या पिशवीत पाण्याची बाटली होती. दिवसभर मी ती बाहेर काढली नाही.

फ्रेंच बाईंनी माइक पुढे केला. तुमची मागणी काय, हा पहिला प्रश्न. मी तो मराठीत विचारला.

"मागणी?" ती म्हणाली. "मागायला आलो न्हाई आम्ही. कागदावर आमच्या दवाखान्यात डॉक्टरीणबाईची जागा हाय. म्हंजे ती आमचीच हाय. आमचं आम्हाला द्या म्हणून राहिलो."

मागच्या बायका एका सुरात "हाव, हाव" म्हणाल्या.

माझी खरी अडचण तिथं सुरू झाली. इंग्रजीत डिमांड म्हटलं की माणूस ठणकावून सांगतोय असं वाटतं. फ्रेंचमध्ये जवळजवळ तोच शब्द आहे, दमांद, पण त्याचा अर्थ नुसतं विचारणं, विनंती करणं. दिसायला सख्ख्या बहिणी आणि स्वभावानं अगदी उलट. नवखे भाषांतरकार इथंच फसतात. तिच्या बोलण्याला फ्रेंचमध्ये दुसरा नेमका शब्द होता, रव्हांदिके. जे आपलं आहे ते आपलं म्हणून हक्कानं परत घ्यायला उभं राहणं. मला तो सापडला तेव्हा भर मांडवात मला आनंद झाला, आणि लगेच त्या आनंदाची लाज वाटली.

मागे फलक होता, आमरण उपोषण. त्याचं काय करायचं, असं बाईंनी विचारलं. इंग्रजीत म्हणतात मरेपर्यंतचा उपास, फ्रेंचमध्ये म्हणतात भुकेचा संप. मी मैत्रिणीला ते सांगितलं, तर ती हसली.

"संप कामाचा करतेत. भुकेचा कसा करावा?" मग हसू आवरून म्हणाली, "आणि मरायला कोण बसलंय? तसं लिहू नको. जगायचंय म्हणून बसले."

बाई आवाज तपासायला बाजूला गेल्या, तशी मी तिच्याजवळ सरकले. "बास कर आता. ऊठ. तुझी पोरं लहान आहेत."

"तू तुझं काम कर गं."

"माझ्यानं इथं तुझ्याकडं बघत बसायचं काम होत नाही."

"मग बघू नको. नीट सांग तिकडं. तेवढं तरी तुझ्या हातात हाय."

दोन दिवस मी तेच काम घेऊन बसले. प्रत्येक वाक्याचं इंग्रजी, प्रत्येक वाक्याचं फ्रेंच. रव्हांदिके या शब्दाखाली तळटीप दिली, की इथं विनंतीचा शब्द वापरू नये, वापरला तर अर्थ उलटा होतो. असं मी कधी करत नाही. त्या दिवशी केलं.

सहाव्या दिवशी उपोषण सुटलं. एक अधिकारी मांडवात आले, मोसंबीचा रस दिला, हातात पत्र दिलं. तिनं पत्राचा फोटो मला पाठवला आणि वर लिहिलं, याचंबी तिकडच्या भाषेत कर. पत्रात होतं, सदर रिक्त पदाबाबत सकारात्मक विचार करण्यात येईल, असे आश्वासन देण्यात येत आहे. आश्वासनाला फ्रेंचमध्ये पहिला शब्द सुचतो तो अस्युरांस, पण तो वाचून तिकडच्या माणसाला आधी विमा आठवेल, म्हणून तो टाळला. विचार कोण करणार, हे मात्र सुचेना. मराठीत ‘करण्यात येईल’ म्हटलं की भागतं. फ्रेंचला कर्ता लागतो. शेवटी मी ‘कुणीतरी’ या अर्थाचं सर्वनाम घातलं. कुणीतरी विचार करेल. पत्रात त्याहून जास्त काही नव्हतंच.

पुढच्या आठवड्यात कार्यक्रम लागला. माझ्या मैत्रिणीचा आवाज पहिल्या दोन शब्दांपुरता ऐकू आला. मग तो बारीक झाला आणि त्यावर एका फ्रेंच निवेदिकेचा गोड, जड आवाज चढला: आमच्या गावाला डॉक्टर मिळावी अशी आम्ही विनंती करतो. इंग्रजीत त्याहून वाईट झालं होतं. तिथं त्या याचना करत होत्या. आणि हो, त्या मरायलाही तयार होत्या.

मी लगेच मेल लिहिली. संपादकांचं उत्तर सभ्य होतं. तुमचा शब्द कामगार संघटनांच्या पत्रकातला वाटतो, श्रोत्यांच्या मनाला भिडत नाही, शिवाय आता प्रसारण झालेलं आहे. त्या फ्रेंच बाईंनी स्वतःहून फोन केला. "मी तुमचाच मजकूर दिला होता," त्या म्हणाल्या. "शेवटचा हात माझा नसतो." मी त्यांच्यावर चिडूही शकले नाही.

पत्रानंतर डॉक्टरीणबाई आल्या. आठवड्यातून दोन दिवस, असं तीन महिने. मग त्यांची बदली झाली आणि दवाखान्यातल्या त्यांच्या खोलीला पुन्हा कुलूप लागलं.

त्यानंतर मी मैत्रिणीच्या गावी, तिच्या भावाकडे गेले होते. भावजयीची मुलगी तिच्या मांडीवर होती. चहा झाल्यावर ती म्हणाली, "ते रेडिओचं लाव की. ऐकू दे तरी."

मी मोबाइलवर फ्रेंच लावलं. तिनं कान देऊन ऐकलं.

"ह्यात मी कुठं हाय?"

"ही बाई बोलतेय ना, ती तूच."

"काय म्हणून राहिले मी?"

खोटं सांगता आलं असतं. तिला फ्रेंच कुठं कळतं? पण इतक्या वर्षांच्या ओळखीत तसं कधी जमलं नव्हतं. "विनंती करतेयस," मी म्हटलं.

"मी विनंती केली न्हाई."

"माहीत आहे मला."

"मग तू काय लिहिलीस?"

"तू म्हणालीस तेच. त्यांनी बदललं."

तिनं मान हलवली, पण माझ्याकडे बघितलं नाही. मुलीचं झबलं नीट करत राहिली. तिनं माझ्यावर विश्वास ठेवला की नाही, मला अजून ठाऊक नाही. आणि ठेवला असला तरी त्याचा तिला काय उपयोग होता?

त्या कार्यक्रमानंतर माझ्याकडे आंदोलनांचा मजकूर बराच येतो. मला कामं देणाऱ्या एजन्सीच्या यादीत मी या विषयातली जाणकार झालेय. मोर्चा, संप, ठिय्या, घेराव यांचे दोन्ही भाषांतले शब्द मी काळजीपूर्वक निवडते आणि पाठवून देते. पुढे त्यांचं काय होतं, हे विचारायचं मी सोडून दिलंय.

गेल्या महिन्यात मैत्रिणीचा फोन आला. सुगी आटोपली की पुन्हा उपोषणाला बसायचं ठरलंय.

"कधी? मी येते," मी म्हटलं. "काम म्हणून नाही, तशीच."

"राहू दे," ती म्हणाली. "लई लांब पडतं तुला."

नांदेडहून लातूर काही लांब नाही. तिलाही ते ठाऊक आहे. मी बरं म्हटलं, मुलीची खुशाली विचारली आणि फोन ठेवला.