घरमालकांची बोटं

तमिळ पडद्यावर आजवर जेवढे म्हणून प्रेमभंग झाले, त्यांतले निम्मे तरी चेन्नईतल्या अड्यारच्या माझ्या घरमालकांच्या फुप्फुसांतून गेले, असं माझं ठाम मत आहे. ते सिनेमा-मालिकांसाठी सॅक्सोफोन वाजवत. नायिका दुसऱ्याच्या गाडीत बसून निघाली, की यांना स्टुडिओतून बोलावणं येई. घराणं तंजावरकडचं मराठी. म्हणून इरुंगाट्टुकोट्टैच्या कारखान्यात नोकरीला आलेल्या माझ्यासारख्या सातारकराला त्यांनी 'आपल्या भाषेचा' म्हणत वरची खोली दिली. आम्हाला एकमेकांची मराठी समजायला पुढे बरेच दिवस लागले, ती गोष्ट निराळी.

फुप्फुसांना ते तळहातावरच्या फोडासारखं जपत. दही बंद, पंखा बंद, हसणंसुद्धा बेताचं. मी विनोद सांगू लागलो की हात वर करून थांबवत, "पुरे तंबी, उद्यां रेकॉर्डिंग आलें तर?" रेकॉर्डिंग येत नसे. मी राहायला गेलो तोवर स्टुडिओत कीबोर्ड आला होता आणि सॅक्सोफोनचं काम तोच करी. तरी मालक संध्याकाळी इस्त्रीचा शर्ट घालून फोनजवळ बसत. मोबाइल घ्या म्हटलं तर म्हणाले, "स्टुडिओंत हाच नंबर आहे रे."

टीव्हीवर एखादा नट सॅक्सोफोन घेऊन उभा राहिला, की मात्र त्यांचा तोल जाई. "अय्यो, बोटं बघ त्याचीं! अस्कं चूक, सगळें चूक! शेवग्याची शेंग धरलीय मेल्यानें. आवाज माझा, आणि बोटं ह्याचीं!" त्यांच्या बायको, आमच्या मामी, आतून ओरडत, "हळू बोला, दम लागेल!"

आणि एक दिवस फोन खरंच आला. मालिकेचं काम होतं. मामींनी दृष्ट काढली, मी रिक्षा आणली. संध्याकाळी मालक परतले आणि आल्या आल्या त्यांनी दहीभात मागितला.

"फुंकूं नका म्हणाले," ते जेवता जेवता म्हणाले. "आवाज कीबोर्डचा. त्यांस नुसतीं बोटं हवीं होतीं."

एरवी मी हसलो असतो. त्या दिवशी मला फार वाईट वाटलं.

तो भाग लागला तेव्हा चेहरा नटाचा होता आणि जवळून दाखवलेली बोटं आमच्या मालकांची. त्यांनी टीव्हीचा आवाज बंद केला. मला स्वरांतलं ओ की ठो कळत नाही, मी नुसता बघत राहिलो. मामी हातात झारा घेऊन दारात उभ्या होत्या. त्या बोटांकडे पाहता पाहता त्या गुणगुणू लागल्या, आणि मध्येच थांबल्या.

"हें तिथें वाजवलांत?"

"आवाज त्यांचा असूं दे," मालक म्हणाले, "बोटं तर माझीं आहेत."

मामी माझ्याकडे वळल्या. "लग्न झालें तेव्हां माझ्यासाठीं बांधलेली चाल, तंबी. कुठल्या सिनेमानें घेतली नाहीं." एवढं बोलून त्यांनी ती चाल गुणगुणत पुरी केली, मध्ये जाहिरात लागली तरी.

आता मालक नाहीत आणि मामी अड्यारला एकट्या असतात. ती चाल पुन्हा एकदा ऐकावी म्हणून जीव तुटतो. फोन करतो, त्या "जेवलास का?" विचारतात, मी हो म्हणतो, आणि ती चाल म्हणा असं सांगायचा धीर काही होत नाही.